शाफ्ट्सबरीचा सातवा अर्ल आणि मुंबईच्या गिरण्या



रविवारच्या सुट्टीचा विषय निघाला की आपल्याकडे नारायण मेघाजी लोखंडे यांचं नाव घेतलं जातं, आणि ते घ्यायलाच हवं. १८८४ मध्ये त्यांनी मुंबईच्या गिरणी कामगारांना एकत्र करून मागण्यांचा अर्ज तयार केला, ही गोष्ट आपल्यापैकी अनेकांना माहीत आहे. पण त्याच्या नऊ वर्षं आधी, जुलै १८७५ मध्ये, लंडनच्या हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये ७४ वर्षांचा एक म्हातारा उमराव उभा राहिला आणि त्याने मुंबईच्या गिरण्यांचा विषय काढला. तिथे लहान मुलांकडून किती तास काम करून घेतात, सुट्टी मिळते की नाही, हिंदुस्थानात कारखान्यांसाठी कायदा का नाही, असे प्रश्न त्याने विचारले.

आता तुम्ही म्हणाल, वा, भला माणूस! थांबा जरा. त्याच भाषणात त्याने असंही सांगितलं की हिंदुस्थानात कापूस आहे, मजूर स्वस्त आहेत. तिथल्या गिरणीवाल्यांना सोळा-सतरा तास काम करून घ्यायची मोकळीक दिली तर त्यांचा माल उद्या खुद्द मँचेस्टरच्या बाजारात येऊन आपल्यापेक्षा स्वस्त विकला जाईल.

मग हा माणूस नक्की कुणाच्या बाजूचा? परळच्या पोरांच्या की मँचेस्टरच्या शेठजींच्या? आपल्या देशी वर्तमानपत्रांनी तेव्हा या प्रश्नाचं उत्तर झटकन देऊन टाकलं होतं. मला ते तितकं सोपं वाटत नाही. त्यासाठी आधी या माणसाचं आयुष्य बघावं लागेल, आणि ते चांगलं पाऊणशे वर्षांचं आहे, तेव्हा चहा घेऊन बसा.

अँथनी ॲश्ली-कूपर, शाफ्ट्सबरीचा सातवा अर्ल. जन्म २८ एप्रिल १८०१, लंडन. अर्ल म्हणजे वंशपरंपरेने चालणारी उमरावकी. बाप गेला की थोरल्या मुलाकडे किताब, जमीन, वाडा आणि (१९९९ पर्यंत) हाउस ऑफ लॉर्ड्समधली खुर्ची, सगळं आपोआप यायचं. आपल्याकडच्या वतनासारखंच, फक्त वतनाबरोबर कायदे करायचा हक्कही मिळायचा. बाप जिवंत असेपर्यंत थोरल्या मुलाला मानाने 'लॉर्ड' म्हणतात, पण कायद्याच्या दृष्टीने तो सामान्य माणूसच. त्यामुळे त्याला निवडणूक लढवून हाउस ऑफ कॉमन्समध्ये बसता येतं. आपला हा गृहस्थ १८५१ पर्यंत 'लॉर्ड ॲश्ली' होता आणि तोवरचं त्याचं सगळं मोठं काम कॉमन्समध्ये झालं. म्हणून मी १८५१ पर्यंत त्याला ॲश्ली म्हणेन आणि पुढे शाफ्ट्सबरी. माणूस एकच आहे, गोंधळू नका.

घर श्रीमंत, पण मायेचा दुष्काळ. बाप कडक, आई समाजातल्या भेटीगाठींत गुंतलेली, मुलांकडे कुणाचं लक्ष नाही. या घरात ॲश्लीला जीव लावला तो मारिया मिलिस नावाच्या एका कामवाल्या बाईने. प्रार्थना तिने शिकवली, बायबलच्या गोष्टी तिने सांगितल्या. तो लहान असतानाच ती वारली आणि जाताना आपलं घड्याळ त्याच्या नावाने ठेवून गेली. ते घड्याळ त्याने आयुष्यभर वापरलं. इंग्लंडमधल्या एका मोठ्या जहागिरीचा वारस, आणि खिशात मोलकरणीचं घड्याळ. ते तो लोकांना दाखवायचाही, की हे माझ्या सगळ्यात चांगल्या मैत्रिणीने दिलंय म्हणून.

शाळा तर घरापेक्षा वाईट. चिझिकच्या पहिल्या शाळेबद्दल तो म्हातारपणीही चिडून बोलायचा. पुढे हॅरोला गेला, तिथे त्याचं जरा बरं चाललं. तिथलीच ती प्रसिद्ध गोष्ट. टेकडीच्या रस्त्यावरून एका गरिबाची शवपेटी चालली होती. खांदा देणारे दारू प्यालेले, गाणी म्हणत, शिव्या देत येत होते. वळणावर तोल गेला, पेटी खाली आपटली आणि हे लोक हसत सुटले. मागे रडणारं एकही माणूस नाही. पोरगा तिथे उभा राहून हे बघत होता. त्या जागेजवळ आज एक पाटी लावलेली आहे. थोरामोठ्यांच्या चरित्रात असा एखादा प्रसंग सापडतोच, आणि मी एरवी त्यावर फार भरवसा ठेवत नाही. पण हा प्रसंग तो स्वतः सांगायचा, हे खरं.

ऑक्सफर्डला पहिला वर्ग मिळवून १८२६ मध्ये तो खासदार झाला. कसा झाला? वुडस्टॉक नावाचा मतदारसंघ त्याच्या मामाच्या, मार्लबरोच्या ड्यूकच्या, ताटाखालचं मांजर होता. मामाने भाच्याला बसवलं, झालं. १८२८ मध्ये बोर्ड ऑफ कंट्रोलवर नेमणूक झाली. ईस्ट इंडिया कंपनीच्या हिंदुस्थानातल्या कारभारावर लंडनमधून देखरेख करणारं मंडळ ते हेच. म्हणजे सत्ताविशीतच त्याच्या टेबलावर आपल्याकडचे कागद येऊ लागले होते.

पण त्याला खरं काम सापडलं ते वेड्यांच्या इस्पितळात. १८२७ मध्ये संसदेची एक समिती नेमली गेली, ॲश्ली तिचा सदस्य. लंडनच्या बेथ्नल ग्रीन भागात एक खाजगी वेडगृह होतं. तिथे गरीब रुग्णांना शनिवारी दुपारी लाकडी खोक्यांत पेंढ्यावर नागडं निजवून साखळ्यांनी जखडत आणि सोमवारी सकाळी सोडत. का? तर रखवालदारांना रविवारची सुट्टी हवी म्हणून! सोमवारी मग अंगणात काढून गार पाण्याने धुवायचं. ॲश्ली स्वतः जाऊन हे बघून आला. पुढच्या वर्षी सभागृहात त्यावर बोलायला उभा राहिला, तर आवाज इतका खोल गेला की मागच्यांना काही ऐकूच येईना. पण कायदा झाला. देखरेखीसाठी आयुक्त नेमले गेले, त्यांत ॲश्लीही होता. १८४५ च्या कायद्याने हे मंडळ देशभरासाठी कायम झालं. ॲश्ली त्याचा अध्यक्ष झाला आणि १८८५ मध्ये मरेपर्यंत अध्यक्ष राहिला. चाळीस वर्षं! बिनपगारी! बैठका, तपासण्या, तक्रारी, अहवाल. या कामात टाळ्या नव्हत्या की मतं नव्हती, वेड्यांचा कसला आलाय मतदारसंघ? मला विचाराल तर त्याच्या सगळ्या कामांत हेच सगळ्यात मोठं. पण तो प्रसिद्ध झाला गिरण्यांमुळे.

तर १८३३. यॉर्कशायर-लँकेशायरच्या गिरण्यांत दहा तासांच्या दिवसासाठी चळवळ चालू होती. संसदेत तिचा कैवार घेणारा मायकेल सॅडलर निवडणूक हरला होता. नवा माणूस शोधत चळवळीतला एक पाद्री ॲश्लीकडे आला. ॲश्लीने तोवर गिरणीचा दरवाजाही पाहिला नव्हता. वर्तमानपत्रात मुलांच्या साक्षी वाचल्या होत्या, तेवढंच. त्याने बायकोला विचारलं. बायको एमिली, बड्या घरातली. ती म्हणाली, घ्या हे काम. त्याने घेतलं.

इथे एक तांत्रिक गोष्ट समजून घेऊ, नाहीतर पुढचं राजकारण कळायचं नाही. सूतकताईच्या यंत्रावर धागे सारखे तुटायचे. ते तुटलेले धागे जोडायला लहान मुलं लागायची. ती थांबली की यंत्र थांबलं. म्हणजे अठराच्या आतल्यांचा दिवस दहा तासांवर आणला की मोठ्या माणसांचा दिवसही आपोआप दहा तासांवर यायचा. मोठ्या पुरुषांचे तास कायद्याने ठरवणं तेव्हाच्या अर्थशास्त्रात महापाप होतं, त्यामुळे मुलांच्या आडून ही लढाई चालली होती. मालकांना ते कळत होतं. सरकारलाही कळत होतं. म्हणून सरकारने काय केलं? ॲश्लीचं विधेयक बाजूला सारून स्वतःचं आणलं, आणि ते वरवर ॲश्लीपेक्षा जास्त दयाळू होतं. रेशमाच्या गिरण्या वगळता कापड गिरण्यांत नऊ वर्षांखालच्यांना पूर्ण बंदी, नऊ ते तेरा वयाच्यांना दिवसाला नऊ तास, तेरा ते अठरा वयाच्यांना बारा तास. त्यामुळे मालकाला लहान मुलांच्या दोन टोळ्या आलटून-पालटून लावून गिरणी हवी तितका वेळ चालवता येणार होती. मुलांना थोडा दिलासा मिळाला, बापाचे तास जिथल्या तिथे. काय डोकं लावलंय बघा!

पण त्या कायद्यात एक गोष्ट अशी होती की जिचं मोल तेव्हा कुणालाच पुरतं कळलं नाही. चार सरकारी इन्स्पेक्टर. संपूर्ण देशाला चारच, पण गिरणीत शिरायचा अधिकार असलेले. त्याआधीचे कायदे कागदावरच मेले, कारण ते पाळले जातात का हे बघायला कुणीच नव्हतं.

दहा तासांची लढाई पुढे चौदा वर्षं चालली. मध्येच आल्या कोळशाच्या खाणी.

१८३८ मध्ये यॉर्कशायरच्या सिल्कस्टोन गावी हस्कर नावाच्या खाणीत पावसाचं पाणी शिरलं आणि सव्वीस मुलं बुडून मेली. सगळ्यात लहान सात वर्षांचं. तोवर जमिनीखाली काय चाललंय याची लंडनच्या बैठकीच्या खोल्यांत कुणाला कल्पना नव्हती. शेगडीत कोळसा यायचा, तो कुठून येतो हे कोण विचारतो? १८४० मध्ये ॲश्लीच्या ठरावावरून मुलांच्या कामाची चौकशी करणारा आयोग नेमला गेला. आयोगाची माणसं खाणीत उतरली, मुलांशी बोलली, त्यांनी साक्षी लिहून घेतल्या. १८४२ च्या मे महिन्यात पहिला अहवाल आला, तोही चित्रांसकट. सरकारी अहवालात चित्रं हा प्रकारच नवा होता. वाचायला वेळ नसलेल्या खासदारानेही पानं उलटली आणि त्याला दिसलं की कमरेला पट्टा, पायांमधून साखळी, हातापायांवर रांगत एक मुलगी कोळशाची गाडी ओढतेय. सर्वांत लहान मुलं, पाच-सहा वर्षांची, हवा खेळती ठेवणाऱ्या दारांपाशी बसवलेली. गाडी आली की दोरी ओढून दार उघडायचं, गेली की सोडायचं. बारा तास, एकट्याने, अंधारात.

७ जूनला ॲश्ली दोन तास बोलला. त्याने काय युक्ती केली बघा. त्याला ठाऊक होतं की समोरच्या सभ्य गृहस्थांना मुलांच्या कष्टांचं जितकं वाईट वाटेल, त्याहून जास्त धक्का बसेल तो खाणीत अर्धनग्न पुरुषांबरोबर अर्धनग्न बायका काम करतात याचा. त्याने दोन्ही गोष्टी मांडल्या, नीतीची जरा जास्तच. सभागृह हेलावलं. राणीचा नवरा प्रिन्स अल्बर्टने अभिनंदनाचं पत्र पाठवलं. विधेयक कॉमन्समध्ये सहज पार पडलं आणि हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये अडकलं. कारण तिथे बसलेल्या अनेक उमरावांच्या जमिनीखालीच खाणी होत्या! डरहॅमच्या खाणींचा मालक लॉर्ड लंडनडेरी सगळ्यांत पुढे. ॲश्लीला मुलांसाठी तेरा वर्षांची मर्यादा हवी होती, तिची दहा झाली. बायका आणि मुली यांना जमिनीखाली पूर्ण बंदी राहिली. देखरेखीला एकच निरीक्षक.

आणि त्या बायकांचं काय झालं? काहींचा घरखर्च त्या कामावरच चालायचा. बंदी आली, पण बदली काम कुणी दिलं नाही की भरपाई दिली नाही. काही जणी पुरुषांचे कपडे घालून पुन्हा खाली उतरल्याच्या नोंदी आहेत. वरून केलेल्या सुधारणेत खालच्या माणसाला कुणी विचारत नाही, याचं हे एक उदाहरण झालं. ॲश्लीनेही विचारलं नव्हतं.

मधल्या काळात त्याला मंत्रिपदाचा मोह दाखवला जात होता. १८४१ मध्ये पंतप्रधान पील याने राजदरबारातलं पद देऊ केलं. दहा तासांना पाठिंबा देणार नसाल तर नको, असं म्हणून ॲश्लीने ते नाकारलं. आणि नशीब कसं बघा. १८४६ च्या सुरुवातीला आयात धान्यावरच्या जकातीच्या प्रश्नावर त्याचं मत बदललं. आपण जकात राखू म्हणून डॉर्सेटच्या शेतकऱ्यांकडून निवडून आलो, आता मत बदललं तर जागा सोडली पाहिजे, असं म्हणून त्याने राजीनामा दिला. त्यामुळे १८४७ मध्ये दहा तासांचा कायदा मंजूर झाला तेव्हा तो सभागृहात नव्हताच! विधेयक पार पाडलं जॉन फील्डनने, जो स्वतः गिरणीमालक होता. हां, सगळे गिरणीमालक राक्षस नव्हते आणि सगळे उमराव देव नव्हते.

कायदा झाला तरी मालकांनी पुन्हा टोळ्यांची तीच युक्ती काढली आणि न्यायालयानेही ती उचलून धरली. तेव्हा १८५० मध्ये सरकारने तडजोड सुचवली. बायका आणि किशोरवयीन मुलांना सकाळी सहा ते संध्याकाळी सहा, मध्ये दीड तास जेवणाची सुट्टी, म्हणजे साडेदहा तास काम; पण शनिवारी दुपारी दोनला बंद. परत खासदार झालेल्या ॲश्लीने ती स्वीकारली, कामगारांच्या पुढाऱ्यांना नीट न विचारता. उत्तर इंग्लंडमध्ये आरडाओरडा झाला, दगाबाज म्हणून त्याला शिव्या पडल्या. आठवड्याला दोन तास गेले होते आणि शनिवारची अर्धी सुट्टी आली होती. मी कामगार असतो तर मीही ओरडलो असतो. पण शनिवारी दोनला भोंगा वाजून गिरणीबाहेर पडलेल्या माणसाने पुढच्या पिढ्यांत त्या दुपारी काय काय केलं, तेही लक्षात घ्या. अख्खा इंग्लिश फुटबॉल त्या दुपारवर उभा राहिला.

१८५१ मध्ये बाप गेला आणि ॲश्ली शाफ्ट्सबरीचा सातवा अर्ल झाला. आता त्याच्या पापाचा घडा बघू, कारण विरोधक तो वर्षानुवर्षं त्याच्या तोंडावर फेकत होते. जॉन ब्राइटसारखे उदारमतवादी गिरणीमालक विचारायचे, आमच्या गिरणीतली पोरं मोजता, पण तुमच्या डॉर्सेटमधल्या शेतमजुरांची अवस्था काय? प्रश्न बिनतोड होता. डॉर्सेटची शेतमजुरी देशातल्या सगळ्यात कमी मजुरीत मोडायची. ॲश्लीने १८४३ मध्ये जाहीर सभेत हे कबूल केलं, तर बाप इतका चिडला की बापलेकांचं बोलणं तुटलं. जमीन ताब्यात आली तेव्हा झोपड्यांची दशा बघून हा स्वतःच हादरला. नवी घरं बांधायला घेतली, पण जहागीर कर्जात, वर कारभाऱ्याने घोटाळे करून ठेवलेले. कोर्टकचेऱ्या सुरू झाल्या. देशातल्या गरिबांसाठी झटणारा हा उमराव उरलेलं आयुष्य स्वतःच्या पैशाच्या चिंतेत जगला.

बाकीची कामं भराभर सांगतो. १८४४ पासून फाटक्या मुलांच्या मोफत शाळांच्या संघाचा तो अध्यक्ष होता, चाळीस वर्षं. १८५५ मध्ये क्रिमियाच्या युद्धात सैनिक गोळ्यांपेक्षा घाणीने मरत होते, तेव्हा स्वच्छता आयोग पाठवायचा आग्रह त्याचा. फ्लॉरेन्स नाइटिंगेलनेही त्या आयोगाचे उपकार मानले. धुराड्यात चढवल्या जाणाऱ्या पोरांसाठी १८४० पासून कायदे होत होते आणि मोडले जात होते. फेब्रुवारी १८७५ मध्ये केंब्रिजजवळ फुलबोर्न इथे जॉर्ज ब्रूस्टर नावाचा मुलगा धुराड्यात अडकून मेला. कुठल्या इमारतीच्या धुराड्यात? तर वेड्यांच्या इस्पितळाच्या. शाफ्ट्सबरीने त्याच वर्षी नवा कायदा आणला आणि तो मात्र टिकला. पस्तीस वर्षं एका धुराड्यासाठी!

आणि आता जे मला खटकतं ते. हा माणूस गरिबांना मताचा अधिकार द्यायच्या विरोधात होता. संप, कामगार संघटना, समाजवाद यांची त्याला भीती वाटायची. गरिबाचं दुःख दूर करायचं ते श्रीमंताने, देवाला स्मरून. गरिबाने स्वतः हक्क मागायला उभं राहू नये, अशी त्याची बैठक. रविवारी टपाल वाटणं पाप आहे म्हणून १८५० मध्ये त्याने सभागृहाकडून ते बंद करवलं. काही आठवड्यांत लोकांच्या संतापामुळे ते पुन्हा सुरू झालं. आणि १८५७. हिंदुस्थानात उठाव झाला तेव्हा इंग्लंडमध्ये अत्याचारांच्या अफवांचं पीक आलं होतं. शाफ्ट्सबरीने जाहीर भाषणात नाक-कान कापलेल्या इंग्रज बायका कलकत्त्याला येत असल्याचं सांगितलं आणि हिंदुस्थानातल्या सर्वोच्च बाईंच्या, म्हणजे लेडी कॅनिंगच्या, पत्राचा हवाला दिला. पत्र आपण पाहिलं असं तो म्हणाल्याचं छापून आलं. मग खुलासा करावा लागला की पाहिलेलं नाही, ऐकलेलं आहे. तोवर सूडाच्या आगीत तेल पडायचं ते पडलं होतं. खाणीतल्या एकेका साक्षीचा कागद तपासणारा हा माणूस, आपल्याबद्दल बोलताना ऐकीव गोष्टीवर उभा राहिला.

म्हणूनच १८७५ चं भाषण मला सरळ वाचता येत नाही. पण दुसरी बाजूही ठेवतो. याच माणसाने १८४३ मध्ये कॉमन्समध्ये चीनला होणारा अफूचा व्यापार बंद करा असा ठराव मांडला होता. ती अफू आपल्याकडची, माळव्याची अफू मुंबई बंदरातून जायची आणि त्यावर कंपनी सरकारची तिजोरी भरायची. तो ठराव इंग्लंडच्या कुठल्याच धंद्याच्या फायद्याचा नव्हता. १८७६ मध्ये व्हिक्टोरियाला 'हिंदुस्थानची सम्राज्ञी' हा किताब द्यायचं ठरलं, तेव्हा लॉर्ड्समध्ये त्याविरुद्ध ठराव मांडणारा हाच. आणि गिरण्यांच्या बाबतीत तो मँचेस्टरचा हस्तक असता, तर चाळीस वर्षं मँचेस्टरशी भांडला नसता. माझं मत असं की त्याला मुंबईच्या मुलांची कळकळ होती, आणि सभागृहाला ती पुरणार नाही हे त्याला अनुभवाने ठाऊक होतं. १८४२ मध्ये त्याने नीतीचा धक्का वापरला, १८७५ मध्ये मँचेस्टरची भीती वापरली. पण हत्यार ज्याच्या हातात जातं तो ते आपल्या मर्जीने चालवतो, हेही खरं. लँकेशायरच्या मालकांना कायदा हवा होता तो आपल्या धंद्यासाठी, आणि त्यांना एक संत आयता मिळाला.

मुंबईत काय चाललं होतं? पहिली कापड गिरणी कावसजी दावर यांनी १८५४ मध्ये काढली आणि वीस वर्षांत धुराड्यांची रांग उभी राहिली. काम सूर्योदय ते सूर्यास्त. १८७५ मध्येच मुंबईत एक चौकशी आयोग बसला. त्यात गिरणीमालकांचा भरणा, त्यामुळे बहुमताने निष्कर्ष निघाला की कायद्याची गरज नाही. मग सोराबजी शापूरजी बंगाली या मुंबईच्याच पारशी गृहस्थांनी १८७८ मध्ये स्वतः विधेयकाचा मसुदा केला. म्हणजे हा विषय फक्त विलायतेतून आला असं म्हणता येत नाही. १८७९ मध्ये शाफ्ट्सबरीने पुन्हा लॉर्ड्समध्ये ठराव आणला. अखेर १८८१ मध्ये हिंदुस्थानचा पहिला कारखाना कायदा झाला.

आणि तो कसा होता? सात वर्षांखालच्या मुलांना कामावर ठेवायचं नाही. सात ते बारा वयाच्यांना नऊ तास, मध्ये एक तास विश्रांती, महिन्याला चार सुट्ट्या. शंभराहून कमी माणसं असतील तर कायदा लागूच नाही. बायकांबद्दल अवाक्षर नाही, मोठ्या माणसांबद्दल नाही. इंग्लंडने १८३३ मध्ये नऊ वर्षांची रेघ ओढली होती. जवळपास पन्नास वर्षांनी आपल्या वाट्याला सातची आली. आणि एवढ्यावरही आपल्या राष्ट्रवादी वर्तमानपत्रांनी विरोध केला, देशी धंदा बुडवायचा हा लँकेशायरचा डाव म्हणून. डाव होताच. पण सात वर्षांचं पोरही होतं ना तिथे! ते मराठी पोर होतं, रत्नागिरी-साताऱ्याहून आलेल्या बापाचं. त्याच्या बाजूने लिहिणारं पत्र म्हणजे 'दीनबंधु', आणि मुंबईत ते चालवत होते लोखंडे.

शाफ्ट्सबरी १ ऑक्टोबर १८८५ रोजी फोकस्टोनला वारला. वेस्टमिन्स्टर ॲबीत प्रार्थना झाली तेव्हा रस्त्यात दुतर्फा गर्दी होती, त्यात फुलवाल्या, बूटपॉलिशवाली पोरं, हातगाडीवाले. या हातगाडीवाल्यांनी त्याला एकदा गाढव भेट दिलं होतं आणि त्याने ते आनंदाने घेतलं होतं. ॲबीत पुरू नका असं तो सांगून गेला होता, म्हणून डॉर्सेटमधल्या गावात पुरला. लंडनच्या पिकाडिली सर्कसमधला तो पंखवाला धनुर्धारी पुतळा तुम्ही सिनेमात शंभर वेळा पाहिला असेल. १८९३ चं ते कारंजं याच्याच स्मरणार्थ आहे. लोक त्याला कामदेव समजून फोटो काढतात.

त्याच्या मृत्यूच्या एक वर्ष आधी, सप्टेंबर १८८४ मध्ये, लोखंड्यांनी मुंबईत कामगारांच्या सभा भरवल्या. मागण्या अशा: आठवड्यातून रविवारची सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, काम सकाळी साडेसहा ते सूर्यास्त, पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत, कामावर जखमी झालेल्याला पगार. या अर्जावर हजारो कामगारांच्या सह्या होत्या. ही माणसं कुणाच्या दयेची वाट बघत बसलेली नव्हती. शाफ्ट्सबरीला रविवार हवा होता तो देवाचा वार म्हणून. लोखंड्यांनी रविवार मागताना तो खंडोबाचा वार आहे असं सांगितलं, असं म्हणतात.

२४ एप्रिल १८९० रोजी महालक्ष्मीच्या मैदानावर सुमारे दहा हजार कामगार जमले. त्या सभेत दोन गिरणी कामगार बायकांनीही उभं राहून भाषणं केली. १० जून १८९० रोजी मालकांच्या संघाने रविवारची सुट्टी मान्य केली.

तुमच्या घरात कुणी गिरणीत असेल, पणजोबा, आजी, कुणीही, आणि तासांच्या, पगाराच्या, सुट्टीच्या काही आठवणी असतील तर जरूर कळवा. लोखंड्यांवर स्वतंत्र भाग करायचाय, त्यात त्या घेऊ.